कपाटामागचे ठिपके

"ताई, हे घासून टाकू का?" मागच्या खोलीतून पेंटरने आवाज दिला तेव्हा मी ओट्याशी उभी राहून त्याच्याचसाठी चहा गाळत होते. नागपूरच्या महाल भागातलं आमचं जुनं घर. मागच्या दोन खोल्या शिकणाऱ्या पोरांना भाड्याने द्यायचं भावाने ठरवलं आणि रंगकामावर लक्ष ठेवायला माझी नेमणूक केली, कारण मी रिटायर आहे आणि रिटायर बाईला कामं नसतात असा घरोघरी समज आहे. एप्रिलचा दुसरा आठवडा. कूलरला नवा वाळा लावला होता, त्याचा ओला, मातीसारखा वास घरभर. कप घेऊन आत गेले तर दोघांनी मिळून सागवानी कपाट भिंतीपासून ओढून काढलेलं, आणि त्याच्या मागे, जिथे पस्तीस वर्षं कुणाची नजर गेली नव्हती तिथे, निळसर चुन्याचा एक चौकोन. बाकी भिंतीवर डिस्टेंपरचे थर चढत गेले, हा तुकडा तसाच राहून गेला. त्या चौकोनात ठिपके. बोटाच्या टोकाने उमटवलेले, बहुतेक गेरूचे, काही कोळशाचे, आणि एका कडेला निळ्या पेन्सिलीचे. पाच-सहा ठिपके, मग बोटभर जागा सोडून पुन्हा पाच-सहा. मध्येच एखादी आडवी रेघ. तीन ठिकाणी ठिपक्याभोवती गोल. पेंटरच्या हातात पॉलिश पेपर होता आणि चेहऱ्यावर 'लवकर सांगा' असा भाव. मी म्हटलं, थांब जरा.

हे 'जरा' नऊ दिवस चाललं.

ठिपके आजीचे, याबद्दल कुणालाच शंका नव्हती. ती १९८९ साली गेली आणि त्यानंतर कधीतरी ते कपाट तिथे सरकवलं गेलं. त्याआधी ती कोठीची खोली होती. तांदळाची पिंपं, तुरीच्या डाळीचा डबा, चिंचेचे गोळे घातलेली बरणी, आणि या सगळ्यांच्या मधोमध आजी. ती निरक्षर होती. पेन्शनच्या कागदावर अंगठा द्यायची, आणि अंगठ्याची शाई मग पदराला न पुसता दाराच्या चौकटीला पुसायची. ते निळे-जांभळे डागही आम्ही लहानपणी मोजायचो. ठिपक्यांचा फोटो काढून घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकला तर तासाभरात प्रत्येकाकडे एकेक उत्तर. भाऊ म्हणाला, दुधाचा हिशेब. पुण्याहून आत्याचा फोन, "अगं, जपाचा असेल, तिने लाखाचा संकल्प केला होता." चुलतबहिणीने जरा आडून सुचवलं की बायकांच्या तारखा असतील, पूर्वी भिंतीवरच ठेवायच्या. आईला, ती चौऱ्याऐंशीची आहे, खुर्ची आणून भिंतीसमोर बसवलं. तिने चष्मा वर-खाली केला आणि म्हणाली, "असेल काही. मला कधी सांगितलं नाही सासूबाईंनी." त्यात थोडी तक्रार होती. इतकी वर्षं एका चुलीपाशी काढलेल्या दोन बायका, आणि ही भिंत दुसरीला ठाऊक नाही.

मला मात्र वेगळंच टोचत होतं, आणि ते मी ग्रुपवर टाकलं नाही.

१९८४ साली मी बी.एड. करत होते. मानसशास्त्राच्या तासाला आमच्या सरांनी अलेक्झांडर लुरिया या रशियन मानसशास्त्रज्ञाची गोष्ट सांगितली. १९३१-३२च्या सुमारास तो उझबेकिस्तानात गेला आणि शाळेचं तोंड न पाहिलेल्या शेतकऱ्यांना कोडी घातली. दूर उत्तरेत, जिथे बर्फ असतं, तिथली सगळी अस्वलं पांढरी असतात. नोवाया झेम्ल्या दूर उत्तरेत आहे. तर तिथली अस्वलं कोणत्या रंगाची? आणि शेतकरी म्हणायचे, मी तिथे गेलो नाही, जो गेला असेल त्याला विचारा. मला हे इतकं आवडलं की घरी आल्या आल्या मी आजीवर प्रयोग केला. ती तांदूळ निवडत बसली होती. मी कोडं घातलं, दोनदा, सावकाश. तिने खडे बाजूला केले, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "मी कधी गेली नाही बाप्पा तिकडे. तू गेली का?" दुसऱ्या दिवशी मी वर्गात हे साभिनय सांगितलं. वर्ग खूप हसला. सरांनी फळ्यावर 'अमूर्त विचारक्षमता' असं लिहिलं आणि तिच्यापुढे एक फुली मारली. मला त्या दिवशी फार हुशार वाटलं होतं.

पुढे बऱ्याच जणांनी लुरियाच्या या कोड्यांकडे दुसऱ्या बाजूने बघितलं. त्या शेतकऱ्यांना तर्क येत नव्हता असं नाही. जे स्वतः पाहिलं नाही त्याबद्दल परक्या माणसापुढे खात्रीने बोलणं त्यांना गैर वाटत होतं. दोन वाक्यांवरून तिसरं काढून दाखवायचं, वाक्यं खरी की खोटी हे विचारायचंच नाही, हा खेळ शाळा शिकवते. आजीला खेळ ठाऊक नव्हता. आणि त्याच दिवसांत, त्याच खोलीत, माझ्या पाठीमागच्या भिंतीवर तिची ही मांडणी चालू असणार. निळी पेन्सिल माझीच होती. बी.एड.च्या पाठाचे तक्ते रंगवायला आणलेली.

मी रिटायर झाल्यापासून असलंच वाचत असते, हेही सांगायला हवं. जुन्या माणसांच्या मनाचा माग त्यांच्या मागे राहिलेल्या वस्तूंवरून कसा काढतात, हा माझा दुपारच्या वेळेचा नाद. मराठीत त्याला संज्ञानात्मक पुरातत्त्व असं जड नाव आहे; पुरातत्त्व आणि मानसशास्त्र यांच्या बांधावरचं शेत. नाद लागला तो जुनापाणीमुळे. काटोल रोडने दहा-बारा किलोमीटर गेलं की माळावर दगडांची वर्तुळं दिसतात, शेकड्यांनी. काळे ओबडधोबड दगड, गोलात मांडलेले, आत मातीचा-मुरुमाचा भराव. इसवी सनापूर्वीच्या हजारेक वर्षांमधल्या लोकांची ही दफनं. एकोणिसाव्या शतकात रिव्हेट-कार्नॅक नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने ती खणली, १९६२ मध्ये बी. के. थापर यांनी पुन्हा. लोखंडाची हत्यारं निघाली, काळी-तांबडी भांडी निघाली. त्याच अंगाला पुढे माहुरझरी, तिथे तर घोड्याच्या डोक्यावरचा तांब्याचा साज सापडला, आणि रंगीत दगडांचे मणी. शाळेच्या सहलीने मी सातवीच्या पोट्ट्यांना जुनापाणीला नेलं होतं. त्यांना काही वाटलं नाही. "मॅडम, हे तर नुसते दगड," असं एकाने तोंडावर सांगितलं, आणि बाकीचे संत्र्याच्या फोडी खात सावली शोधत फिरले. मी एका दगडाशी बसले तर त्याच्या अंगावर वाटीसारखे खळगे. एकापुढे एक, ओळीने. मी त्यात बोट घातलं. ऊन इतकं होतं की दगड भाजत होता, पण खळग्याच्या तळाला, का कोण जाणे, जरा गार. बोट आत नीट बसलं. कुणीतरी इथे बसून, दगडावर दगड आपटत, तासन्‌तास हे केलं. एक खळगा झाल्यावर थांबला नाही. दुसरा केला, तिसरा केला, आणि मग कुठेतरी थांबला.

का थांबला?

या खळग्यांबद्दल पुष्कळ बोललं गेलं आहे. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतल्या मंडळींनी जुनापाणीला जाऊन खळगे असलेले दगड वर्तुळाच्या कोणत्या दिशेला येतात ते मोजलं. त्यांना त्या दिशा कशाही पसरलेल्या दिसल्या नाहीत, ठरावीक दिसल्या, आणि आभाळाशी, ताऱ्यांच्या उगवण्या-मावळण्याशी त्याचा संबंध असू शकेल असं त्यांनी मांडलं. असू शकेल. मला ते पटावंसं वाटतं, कारण माळावर रात्री काय दिसत असेल याची कल्पना करता येते. पण सहलीच्या दिवशी तिथे शेळ्या घेऊन आलेला एक म्हातारा होता, त्याला विचारलं तर तो म्हणाला, "पाखरांना पाणी प्यायले होय ते." आणि खरंच, आधल्या आठवड्यातल्या अवकाळीचं पाणी एका आडव्या दगडातल्या खळग्यात साठून सुकल्याचा मातकट गोल दिसत होता. पण खळगे उभ्या बाजूवरही आहेत, तिथे पाणी कसं राहील, असं मी त्याला म्हटलं नाही. शिकवायची सवय तेव्हा सुटू लागली होती.

क्रिस्टोफर हॉक्स या इंग्रज पुरातत्त्वज्ञाने १९५४ साली एक शिडी सांगितली होती. वस्तू कशी बनवली हे कळणं सोपं, ती पहिली पायरी. लोक काय खात-पिकवत हे थोडं अवघड. समाज कसा होता हे आणखी अवघड. आणि सगळ्यात वर, जवळजवळ हाताबाहेर, त्यांच्या मनात काय होतं. नंतरच्या लोकांनी ही वरची पायरी गाठायची धडपड केली. टॉमस विनने १९७९ साली टांझानियातल्या इसिमिलाच्या दगडी हातकुऱ्हाडी घेतल्या आणि मुलांची बुद्धी पायरीपायरीने कशी वाढते हे सांगणाऱ्या पियाजेच्या बालमानसशास्त्राची पट्टी त्यांना लावली. दोन्ही बाजू सारख्या, कडा मनात आधीच आखलेली. म्हणजे घडवणाऱ्याची बुद्धी आजच्या मोठ्या माणसाच्या पायरीवर पोचलेली होती. हे वाचताना मला हसू आलं, कारण पियाजेच्या त्याच पायऱ्या पाठ करून मी बी.एड. झाले होते आणि आजीला खालच्या पायरीवर बसवून मोकळी झाले होते. तीन लाख वर्षांपूर्वीच्या माणसाला वरची पायरी मिळाली, माझ्या आजीला नाही. विनने पुढे पियाजेची ती पट्टी बाजूला ठेवली. मी तेवढीही तसदी घेतली नव्हती. आणखी काहींनी तर आजच्या माणसांना दगड फोडायला शिकवून त्यांच्या मेंदूची चित्रं घेतली. हातकुऱ्हाड घडवताना मेंदूचे असेही भाग कामाला लागतात जे बोलण्याच्या कामात असतात. एका ठोक्याआधी पुढचे चार ठोके मनात धरावे लागतात, वाक्यासारखे. हे मला फार आवडलं. पण स्कॅनरमध्ये जाणारा मेंदू आजचा असतो, मोबाइल वापरणारा, शाळेत गेलेला. इथेही पुन्हा कोडं घालणारेच आपण, उत्तर देणारेही आपणच.

पेंटरचं दुसऱ्या दिवशी भिंतीकडे बारीक लक्ष गेलं. पुढची खोली संपवून तो चहाला बसला होता. कप हातात घेऊन उकिडवा झाला, चौकोनाशी नाक लावलं आणि म्हणाला, "ताई, हे एका दिवसाचं काम नाही होय." मी म्हटलं, कशावरून? त्याने नखाने चुन्याची कड उचकटून दाखवली. "हे पहा. हा ठिपका खालच्या हातावरचा. यावर चुन्याचा हात फिरला, म्हणून असा धुरकट दिसून राहिला. हा वरच्या हातावरचा, चक्क दिसते. आन्‌ हे पेन्सिलीचे तर सगळ्यात वरचे. तीन हात तरी होय." हात म्हणजे रंगाचा थर, हे त्याच्या तोंडून ऐकताना मला दरवेळी नवं वाटतं. आमच्याकडे चुना दिवाळीच्या आधी काढायचे, पण दरवर्षी नाही. म्हणजे तीन हात धरले तर पाच-सहा वर्षं सहज, कदाचित दहा. चुना फिरवणाऱ्यालाही तिने त्या ओळी पूर्ण बुजवू दिल्या नाहीत, किंवा बुजल्या तिथेच पुन्हा सुरू केलं.

मी खोलीत जाऊन बसले, कारण हे मी कुठेतरी वाचलं होतं. अलेक्झांडर मार्शाक हा पुरातत्त्वज्ञ नव्हता, लेखक होता, माणूस चंद्रावर जायच्या काळात त्यावरच लिहीत होता. त्याला युरोपातल्या हिमयुगाच्या हाडांवरच्या खाचा, ठिपके दिसले आणि वाटलं, ही चंद्राच्या कलांची नोंद आहे. एकेका रात्रीची एकेक खूण. जग हुरळलं. मग फ्रान्चेस्को द'एरिको या पुरातत्त्वज्ञाने सूक्ष्मदर्शकाखाली असल्या खुणा बघायला सुरुवात केली, स्वतः हाडांवर दगडी टोकांनी खुणा करून कोणत्या टोकाने कशी कड पडते हे पडताळलं. प्रश्न साधा होता: या खुणा एका बैठकीत, एका टोकाने केल्या, की वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या टोकांनी? एका बैठकीत केल्या असतील तर रोजची नोंद कशी होईल, ती नक्षी. बऱ्याच ठिकाणी मार्शाकची गोष्ट तिथेच लंगडी पडली. खुणेचा अर्थ काय हे सूक्ष्मदर्शक सांगत नाही. हात कधी थांबला आणि पुन्हा कधी सुरू झाला एवढं सांगतो. आमच्या पेंटरने चहा पिता पिता नेमकं तेवढंच सांगितलं होतं. मी त्याला द'एरिकोबद्दल सांगितलं. तो म्हणाला, "त्याले रोज किती भेटे?"

मग मोजणी केली. माझे दोनशे चौदा आले, त्याचे दोनशे नऊ. पुन्हा मोजलं, पुन्हा तेच. शेवटी एकेक ठिपका दाखवत गेलो तेव्हा पाचांवर भांडण निघालं. "ठिपका नाही जी हा, चुन्याची फोड होय." मला तो ठिपकाच हवा होता, कारण तो धरला तर त्या ओळीत सहा होत होते आणि सहाचा मेळ मी मनात आधीच बसवला होता. त्याने बोटाने दाबलं, फोड फुटली, खाली पांढरी पूड. माझा सहावा ठिपका गेला. नंतर त्याने आणखी एक गोष्ट बघितली जी आमच्या ग्रुपवरच्या अकरा शिकलेल्या माणसांना दिसली नाही. तो भिंतीला पाठ लावून खाली बसला, उजवा हात न वळवता मागे नेला आणि बोट टेकवलं. बरोबर मधल्या ओळीवर. "बसल्या बसल्या केलं होय हे. तोंड तिकडे, हात मागे. न पाहता." ओळी उजवीकडे किंचित चढत्या का आहेत तेही मग कळलं. खांद्यातून फिरणारा हात तसाच चढतो. मी त्याच जागी बसून बघितलं. समोर दार, दारातून चुलीकडचा बोळ, आणि बोळातून येणारा-जाणारा प्रत्येक माणूस दिसतो. आजी इथे बसून तांदूळ निवडायची, आणि काहीतरी घडलं की, समोरून नजर न काढता, मागे एक बोट. काय घडलं की?

तीन गोलांचं मात्र मी कुणाला न विचारता ठरवून टाकलं. त्या आठवड्यात इनामगावचं वाचत होते. घोड नदीकाठचं ते ताम्रपाषाण काळातलं गाव, डेक्कन कॉलेजने १९६८ पासून बरीच वर्षं खणलं. तिथे लहान मुलं दोन मडक्यांत, तोंडाला तोंड लावून, घराच्या जमिनीखाली पुरलेली सापडली. मोठी माणसं मात्र खड्ड्यात आडवी, आणि त्यांची पावलं घोट्यापासून तोडलेली. मेलेला माणूस उठून चालत जाऊ नये, परत येऊ नये म्हणून, असं समजतात. मुलांची पावलं शाबूत. लहान मुलाला कोण कशाला अडवेल. ते घराच्या पोटातच ठेवायचं, चुलीजवळ, रोज वरून चालायचं. हे वाचून मी रात्री बराच वेळ पंख्याकडे बघत पडले होते आणि सकाळी भिंतीसमोर उभी राहिले तर ते तीन गोल म्हणजे आजीची गेलेली तीन मुलं, हे मला इतकं स्वच्छ दिसलं की डोळे भरून आले. आत्याला फोन केला. ती म्हणाली, "आईची दोन गेली. तीन नाही. आणि ती दोन्ही उमरेडला असताना, या घरात यायच्या आधी." मी म्हटलं, नक्की? ती म्हणाली, "माझ्या पाठची होती, मला माहीत नसेल?" फोन ठेवल्यावर मला वाईट वाटलं. दोन बाळांचं नाही, हे कबूल करायला लाज वाटते. माझी गोष्ट मोडली त्याचं. किती पटकन रचली होती. इनामगावच्या मडक्यांमधून काढलेलं दुःख मी सरळ आजीच्या भिंतीवर चिकटवलं होतं, आणि ते बसतंय असं वाटलं, कारण दुःख कुठेही बसतं.

त्यावरून मारबत आठवली. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, काळ्या आणि पिवळ्या मारबतीची, म्हणजे बाईच्या मोठ्या पुतळ्यांची, मिरवणूक निघते, आमच्या घराच्या जवळूनच. लहानपणी आजी मला कडेवर घेऊन गच्चीत उभी राहायची. खाली चितारओळीच्या बाजूने माणसांचा पूर, बडगे म्हणजे पुरुषांचे पुतळे, ढोल, आणि 'घेऊन जा गे मारबत' असा गजर. रोगराई घेऊन जा, महागाई घेऊन जा. आजीही ओरडायची, पण ती काय घेऊन जायला सांगायची हे गोंगाटात कधी ऐकू आलं नाही. नुसते ओठ हलताना दिसायचे. मग मारबत गावाबाहेर नेऊन जाळतात. एवढ्या मोठ्या शहराच्या मनातलं एवढं मोठं काही, आणि दुसऱ्या दिवशी मागे राख. उद्या दोन हजार वर्षांनी कुणी महाल खणला तर त्याला ड्रेनेजचे पाइप सापडतील, फरशा सापडतील, प्लास्टिक तर नक्कीच. मारबत सापडणार नाही. जळगाव जिल्ह्यातल्या पाटण्याला शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचा तुकडा सापडला, त्यावर कोरलेल्या जाळीसारख्या रेघा, सुमारे पंचवीस हजार वर्षांपूर्वीच्या. दक्षिण आफ्रिकेत ब्लॉम्बोस गुहेत गेरूच्या तुकड्यावर फुल्यांची नक्षी, तीही पंचाहत्तर हजार वर्षं जुनी. कवच टिकलं, गेरू टिकला म्हणून ते लोक आपल्याला विचार करणारे वाटतात. ज्यांनी वाळूत रेघा ओढल्या, अंगावर रंगवल्या, जाळल्या, गायल्या, त्यांच्या पुढे फळ्यावर फुली.

आठव्या दिवशी भावाने विचारलं की त्या चौकोनाचं काय करायचं ठरलं, भाडेकरू एक तारखेला येताहेत. त्याचं म्हणणं, फोटो आहेतच. आईचं म्हणणं, "सासूबाईंचं आहे ते, पण पोरांना काय त्याचं." पेंटरने सुचवलं, भोवती लाकडी पट्टी मारून वर काच बसवून देतो, छान दिसेल. छान दिसेल हे खरं. पण मला अजब बंगल्यातल्या, म्हणजे आमच्या इथल्या संग्रहालयातल्या, त्या काचा आठवल्या, शाळेच्या सहलीत ज्यांना नाक लावून आम्ही फक्त आमच्या श्वासाची वाफ बघायचो. आजीला काचेमागे बघवेना. आणि घासून टाका असंही तोंडातून निघेना. शेवटी म्हटलं, कपाट परत जिथे होतं तिथे सरकवून दे. भाव दिला आहे त्यातून या तुकड्याचे पैसे वजा करू नकोस.

नवव्या दिवशी संध्याकाळी सामान आवरताना दाराच्या मागच्या बाजूला, जिथे शेवटचा हात अजून द्यायचा होता, मला पेन्सिलीच्या उभ्या रेघा दिसल्या. चार, मग जागा, मग तीन, खाली दोन, आणि एका रेघेभोवती गोल. मी विचारलं, हे काय? तो ब्रश धूत होता. म्हणाला, "आमचे रोज होय जी. माझे वरचे, पोट्ट्याचे खालचे. उद्या शेवटच्या हाताखाली जातीन."

"आणि हा गोल?"

तो ब्रश झटकत जवळ आला. भिंतीकडे बघितलं, मान तिरकी करून पुन्हा बघितलं.

"गोल मीच केला होय," तो म्हणाला, "पण कायचा, ते आता मलेच आठवून नाही राहिलं."